हसन नावाचा अर्थ काय? हसनाबादपासून खुलताबादपर्यंत एका अरबी नावाचा मराठवाड्यातला प्रवास

जालना जिल्ह्यातल्या भोकरदन तालुक्यात हसनाबाद नावाचं गाव आहे. बोलताना बहुतेक जण त्याला 'हस्नाबाद' म्हणतात. गावाच्या नावात एक अरबी नाव आणि एक फारसी शब्द आहे. 'हसन' अरबी, 'आबाद' फारसी. आबाद म्हणजे वसलेलं, नांदतं. मराठीत आपण सगळं 'आबादीआबाद' आहे म्हणतो, त्यातला आबाद हाच.

पण हसन म्हणजे काय? मुलांच्या नावांचे अर्थ देणाऱ्या बहुतेक याद्यांमध्ये उत्तर एका शब्दात मिळतं: सुंदर. हे उत्तर चूक नाही, पण अपुरं आहे. या नावात दिसण्याइतकंच वागणंही आहे, आणि महाराष्ट्राशी त्याचं नातं किमान सातशे वर्षांचं आहे. नाव ठेवणाऱ्या आईवडिलांसाठी आणखी एक महत्त्वाची गोष्ट आहे ती स्पेलिंगची. ती शेवटी पाहू.

नावाचा नेमका अर्थ

अरबीत बहुतेक शब्द तीन व्यंजनांच्या धातूवरून तयार होतात. 'हसन' हा शब्द ह-स-न या धातूचा. या धातूत 'सुंदर असणं' आणि 'चांगलं असणं' हे दोन्ही अर्थ एकत्र आहेत. म्हणून हसन म्हणजे देखणा, तसाच भला, उत्तम.

चांगलेपणाचा हा अर्थ धार्मिक परिभाषेतही दिसतो. पैगंबरांच्या वचनांना हदीस म्हणतात. हदीस किती विश्वासार्ह आहे यावरून अभ्यासक तिचे वर्ग करतात. त्यातल्या एका वर्गाचं नाव 'हसन' आहे. तिथे सौंदर्याचा संबंध नाही, अर्थ आहे 'चांगली, स्वीकारण्याजोगी'.

याच धातूवरून आलेली अनेक नावं आणि शब्द आपल्या कानावरून गेलेले असतात:

- हुसेन: हसनचं लघुरूप. 'छोटा हसन' किंवा लाडाने 'छोटा सुंदर'.
- हुस्न: सौंदर्य. हिंदी गाण्यांमुळे सगळ्यांना माहीत असलेला शब्द.
- हसीना: सुंदर स्त्री. बांगलादेशच्या माजी पंतप्रधान शेख हसीना यांचं नाव याच कुळातलं.
- एहसान: भलं करणं, उपकार.
- मोहसीन: भलं करणारा, उपकारकर्ता.
- अहसन: अधिक चांगला, सर्वांत चांगला.
- तहसीन: वाखाणणं, एखादी गोष्ट अधिक सुंदर करणं.

म्हणजे एकाच गल्लीत राहणारे हसन, हुसेन, मोहसीन आणि एहसान भाषेच्या दृष्टीने एकाच घरातले आहेत.

हे नाव इतकं प्रिय का?

यामागे पैगंबर मोहंमद यांचे नातू इमाम हसन आहेत. हजरत अली आणि पैगंबरांची कन्या फातिमा यांचे ते थोरले चिरंजीव. त्यांचा जन्म इसवी सन ६२५ च्या सुमारास मदिनेत झाला. परंपरेत असं सांगतात की अलींच्या मनात बाळाचं नाव 'हर्ब' ठेवायचं होतं. हर्ब म्हणजे युद्ध. पैगंबरांनी ते बदलून 'हसन' ठेवलं. कठोर किंवा अशुभ अर्थाची नावं बदलून चांगल्या अर्थाची नावं ठेवण्याचे आणखीही प्रसंग हदीसमध्ये आहेत. मुलाचं नाव चांगल्या अर्थाचं असावं, हा आग्रह मुस्लिम कुटुंबांत आजही दिसतो, त्याचं मूळ इथे आहे.

नावाला साजेशी एक घटना पुढे घडली. अलींच्या हत्येनंतर ६६१ मध्ये हसन खलिफा झाले. समोर मुआविया यांचं सैन्य होतं. हसन यांनी रक्तपात टाळण्यासाठी तह केला आणि काही महिन्यांतच सत्ता सोडली. ६७० च्या सुमारास मदिनेत त्यांचं निधन झालं. त्यांचे धाकटे भाऊ हुसेन १० ऑक्टोबर ६८० रोजी करबलाच्या मैदानात मारले गेले. मोहरम पाळला जातो तो या घटनेच्या स्मरणात.

सुन्नी आणि शिया या दोन्ही पंथांत हसन आणि हुसेन दोघांनाही आदराचं स्थान आहे. त्यामुळे मोरोक्कोपासून इंडोनेशियापर्यंत ही नावं आढळतात.

महाराष्ट्रातले मोहरम आणि 'हसन-हुसेन'

मराठी माणसाच्या कानावर ही जोडी बहुतेक वेळा मोहरममध्ये पडली. मराठवाड्यात, पश्चिम महाराष्ट्रात अनेक गावांत मोहरमला सवाऱ्या, पंजे, ताबूत बसतात आणि त्यात हिंदू कुटुंबांचाही मान असतो. सांगली जिल्ह्यातल्या कडेगावचे उंच ताबूत प्रसिद्ध आहेत. अहिल्यानगरमध्ये छोटे इमाम आणि बडे इमाम यांच्या सवाऱ्या निघतात. पुण्यात १८९० च्या दशकापर्यंत मोहरमच्या मिरवणुकांत हिंदू मोठ्या संख्येने सामील होत. सार्वजनिक गणेशोत्सव सुरू झाल्यावर हे प्रमाण घटलं.

या मिरवणुकांतून एक गमतीदार शब्दही जन्माला आला. लोक 'या हसन, या हुसेन' असा आक्रोश करत. ब्रिटिश शिपायांच्या कानांनी त्याचं 'हॉब्सन-जॉब्सन' केलं. पुढे हेन्री यूल आणि ए. सी. बर्नेल यांनी भारतातून इंग्रजीत गेलेल्या शब्दांचा कोश केला. १८८६ मध्ये प्रसिद्ध झालेल्या त्या कोशाला त्यांनी हेच नाव दिलं.

मराठीनेही या नावांना आपलं वळण दिलं. उर्दूत 'हुसैन', तर मराठीत 'हुसेन'. पंढरपुरात १९१५ मध्ये जन्मलेले चित्रकार मकबूल फिदा हुसेन मराठीत याच रूपात लिहिले जातात.

मराठवाड्याच्या इतिहासातले तीन हसन

हसनाबादच्या पश्चिमेला दौलताबाद आणि खुलताबाद आहेत. या दोन ठिकाणांशी जोडलेले तीन प्रसिद्ध हसन आहेत.

पहिले, अमीर हसन सिज्झी. फारसीतले मोठे कवी, अमीर खुसरो यांचे मित्र आणि दिल्लीचे सूफी संत निजामुद्दीन औलिया यांचे शिष्य. गुरूंची संभाषणं त्यांनी वर्षानुवर्षं टिपून ठेवली. 'फवायद-उल-फुआद' या नावाने ती प्रसिद्ध आहेत. मुहंमद तुघलकाने १३२७ मध्ये देवगिरीला दौलताबाद करून राजधानी हलवली, त्या काळात सिज्झी दक्षिणेत आले. त्यांची कबर खुलताबादला आहे.

दुसरे, अलाउद्दीन हसन बहमनशाह. शाळेच्या पुस्तकातला 'हसन गंगू' तो हाच. तुघलकाविरुद्ध दख्खनच्या सरदारांनी बंड केलं आणि ऑगस्ट १३४७ मध्ये दौलताबादला हसन सुलतान झाला. बहमनी राज्याची ही सुरुवात. नंतर राजधानी गुलबर्ग्याला गेली. तो दिल्लीतल्या गंगू नावाच्या ब्राह्मणाकडे नोकर होता, अशी कथा इतिहासकार फरिश्ता याने लिहून ठेवली. आजचे बहुतेक अभ्यासक ती दंतकथा मानतात, पण 'गंगू' मात्र त्याच्या नावाला चिकटला तो कायमचा.

तिसरे, अबुल हसन कुतुबशाह. 'अबुल हसन' म्हणजे हसनचे वडील. अरबीत मोठ्या मुलाच्या नावावरून बापाला हाक मारण्याची पद्धत आहे, त्याला कुनियत म्हणतात. हजरत अलींनाही अबुल हसन म्हणत. गोवळकोंड्याचा हा शेवटचा सुलतान. छत्रपती शिवाजी महाराज १६७७ मध्ये दक्षिणेच्या मोहिमेवर जाताना भागानगरला, म्हणजे हैदराबादला, याच सुलतानाला भेटले होते. १६८७ मध्ये औरंगजेबाने गोवळकोंडा घेतला आणि अबुल हसनला दौलताबादच्या किल्ल्यातल्या चिनी महालात कैदेत ठेवलं. तिथेच त्याचा अंत झाला. त्याचीही कबर खुलताबादला आहे. 'तानाशाह' हे त्याचं टोपणनाव. हुकूमशहासाठी हिंदीत वापरला जाणारा शब्द अनेकदा त्याच्याशी जोडला जातो.

गावांच्या नावातले थर

हसनाबाद ज्या तालुक्यात आहे, त्या भोकरदनचं जुनं नाव भोगवर्धन. सातवाहन काळातलं हे गाव, नाव संस्कृत. याच तालुक्यात राजूरचा गणपती आहे. शेजारचा तालुका जाफराबाद. 'जाफर' हेही अरबी नाव आणि त्याचा अर्थ ओढा, लहान नदी. योगायोग असा की जाफराबाद पूर्णा नदीच्या काठी आहे.

जालना जिल्हा १ मे १९८१ रोजी झाला. त्याआधी हा बराचसा भाग औरंगाबाद जिल्ह्यात होता आणि १९४८ पर्यंत निजामाच्या हैदराबाद संस्थानात. त्यामुळे संस्कृत, मराठी, फारसी, अरबी अशी नावं इथे एकमेकांना लागून आढळतात.

माणसांच्या नावांतही हेच झालं. साहेबराव, दौलतराव, हैबतराव, फकीरराव ही अस्सल मराठी वाटणारी नावं घ्या. साहेब, दौलत, हैबत, फकीर हे चारही शब्द मुळात अरबी. मालोजीराजे भोसले यांनी नगरच्या शाह शरीफ यांच्या नावावरून मुलांची नावं शहाजी आणि शरीफजी ठेवली, ही परंपरा तर प्रसिद्धच आहे. नावाची भाषा आणि माणसाचा धर्म नेहमी जुळतातच असं नाही, हे महाराष्ट्राने फार आधी पाहिलं आहे.

यांची गल्लत करू नका

- हसन आणि हसणे: काही संबंध नाही. 'हसणे' संस्कृतमधून आलं आहे.
- हसन आणि हासन: कर्नाटकातल्या हासन जिल्ह्याचं नाव हासनांबा देवीशी जोडलं जातं, अरबी नावाशी नाही.
- हसन आणि हस्सान: इंग्रजीत दोन्ही सारखे दिसू शकतात. हस्सान वेगळं नाव आहे. पैगंबरांच्या काळातले कवी हस्सान इब्न साबित यांच्यामुळे ते प्रसिद्ध आहे.
- तहसीन आणि तहसील: ऐकायला जवळ, पण धातू वेगळे. तहसील म्हणजे वसुली. 'महसूल' हा शब्द तहसीलच्या कुळातला.

नाव एक, स्पेलिंग अनेक

अरबीत 'ह' साठी दोन वेगळी अक्षरं आहेत. आपण ज्याला 'स' म्हणतो त्या उच्चारासाठी उर्दूत तीन अक्षरं आहेत. देवनागरीत एकच ह, एकच स. इंग्रजीत आणखी गोंधळ: हसन लिहिताना कुणी एक एस लावतं, कुणी दोन. हुसेनची तर चार-पाच स्पेलिंग सहज सापडतात.

मराठवाड्यात यात आणखी एक भर आहे. इथे मुस्लिम पुरुषांचं नाव अनेकदा 'शेख हसन शेख युसूफ' अशा पद्धतीने लिहितात. आधी शेख, मग स्वतःचं नाव, पुन्हा शेख आणि वडिलांचं नाव. पण ऑनलाइन फॉर्ममध्ये पहिलं नाव, मधलं नाव, आडनाव असे तीन रकाने असतात. मग एका कागदावर 'शेख' पहिलं नाव होतं, दुसऱ्यावर 'हसन युसूफ शेख' छापलं जातं. माणूस एकच, पण संगणकाला दोन दिसतात. आधार-पॅन जोडणी, शिष्यवृत्ती, बँक खातं, पासपोर्ट अशा ठिकाणी हा फरक आडवा येतो.

म्हणून जन्मनोंदणीच्या वेळीच काळजी घेतलेली बरी. नियम थोडक्यात असे:

- जन्माची नोंद २१ दिवसांच्या आत करायची असते.
- त्या वेळी बाळाचं नाव ठरलं नसेल तरी नोंद होते. नाव नंतर १२ महिन्यांपर्यंत विनाशुल्क टाकता येतं, त्यापुढे १५ वर्षांपर्यंत विलंब शुल्क भरून.
- जन्म आणि मृत्यू नोंदणी कायद्यातली सुधारणा १ ऑक्टोबर २०२३ पासून लागू आहे. त्या दिवशी किंवा त्यानंतर जन्मलेल्या मुलांसाठी शाळाप्रवेश, मतदार यादी, वाहन परवाना अशा कामांत जन्मतारखेचा आणि जन्मस्थळाचा पुरावा जन्म प्रमाणपत्र हाच आहे.

म्हणजे या प्रमाणपत्रावरचं स्पेलिंग मुलासोबत आयुष्यभर राहणार. नोंद करायला जाण्याआधी नाव मराठीत आणि इंग्रजीत एका कागदावर लिहून न्या. 'शेख', 'सय्यद', 'पठाण' कुठल्या रकान्यात लिहायचं ते ठरवा. वडिलांच्या आधारवर त्यांचं नाव जसं आहे, तसंच मुलाच्या कागदावर लिहा. प्रमाणपत्र हातात आल्यावर लगेच वाचून पाहा. मोठ्या माणसाला नाव बदलायचं असेल, तर महाराष्ट्र शासनाच्या राजपत्रात नावातला बदल प्रसिद्ध करून घ्यावा लागतो आणि त्या आधारे पुढची कागदपत्रं दुरुस्त होतात.

हसन हे नाव एका 'स'ने लिहा किंवा दोन, अर्थ तोच राहतो: देखणा आणि भला. फक्त जे एकदा लिहिलं, तेच सगळीकडे लिहा.