पैलतीर

साठी उलटली, की माणसाचे डोळे पैलतीराला लागतात, असे आपल्याकडे म्हणतात. ॲरनच्या काउंटेस फिओनाबाईंचेही लागले असावेत. फरक एवढाच, की पैलतीर दिसताच बाईंनी मोटरबोटीचा वेग वाढवला!

बाईंचा जन्म १९१८ चा. स्कॉटलंडातल्या लॉक लोमंड सरोवराच्या काठी माहेरचा वाडा. म्हणजे पाणी उंबऱ्याशीच. १९३७ साली लग्न झाले. यजमान पुढे अर्ल झाले आणि लॉर्डांच्या सभागृहात बसू लागले. तिथे त्यांनी दोन कायद्यांचा पाठपुरावा केला. एक १९६७ चा, इंग्लंड-वेल्समध्ये पुरुषांचे समलिंगी संबंध गुन्ह्याच्या यादीतून बऱ्याच अंशी काढणारा. दुसरा १९७३ चा, बॅजर नावाच्या पट्टेरी तोंडाच्या बिळवासी प्राण्याला अभय देणारा. हे बॅजर त्यांच्या घरातही मोकळे फिरत. पावलांना चावत म्हणून आल्यागेल्याला गमबूट घालावे लागत. आपल्याकडे पाहुणा चपला दाराशी काढतो. तिथे बूट चढवून आत जायचे!

अशा घरात बाईंनी नुसते विणकाम करत बसावे ही अपेक्षाच चूक. संसार झाला, मुले झाली, आणि चाळिशीनंतर बाई बोटींच्या शर्यतींत उतरल्या.

श्रीमंतांचे चोचले, असे कुणी म्हणेल. बोट पैशाने येते हे कबूल. पण सुसाट बोटीखाली पाणी दगडासारखे लागते, आणि तो दगड समोरचा माणूस अर्ल की गडी हे विचारत नाही. विंडरमिअर सरोवरावर १९३० साली सर हेन्री सेग्रेव्ह यांनी ताशी ९८ मैलांचा विश्वविक्रम केला आणि त्याच दिवशी बोट उलटून ते गेले. त्याच पाण्यावर १९८० साली, वयाच्या ६२ व्या वर्षी, बाईंनी ताशी १०० मैल ओलांडले. बोटीचे नाव ‘स्कीन डू’, म्हणजे स्कॉटिश माणूस पायमोज्यात खोचतो तो सुरा.

वर्तमानपत्रांनी त्यांना ‘पाण्यावरची सर्वांत वेगवान आजी’ केले. प्रेमानेच हो! पण साठीच्या पुरुषाने हेच केले असते तर आधी ‘विक्रमवीर’ छापले असते; ‘आजोबा’ बहुधा आतल्या पानावर. आजी म्हटले की विक्रमाचेही कौतुक नातवंडाच्या बोरन्हाणासारखे होते. वेगमापकाला मात्र नाती कळत नाहीत.

१९८९ साली बाई पुन्हा आल्या, ७१ व्या वर्षी. आता बोट विजेची! नॉटिंगहॅमजवळ त्यांनी ती ताशी ५० मैलांच्या वर नेली. तिचे नाव ‘ॲन स्ट्राडाग’, म्हणजे ठिणगी. गॅस पेटवताना ‘जरा जपून’ म्हणून आपण म्हाताऱ्यांना दूर सारतो, त्या वयात!

२०१३ साली, ९४ व्या वर्षी बाई गेल्या. विंडरमिअरवर २००५ पासून १० नॉटची मर्यादा आहे. पैलतीर अजून तिथेच आहे. पोहोचायला जरा वेळ लागतो, इतकेच.