घोट्यापासून वर: एका पट्टीचा इतिहास

घोट्याजवळची न भरणारी जखम आमच्या आष्ट्यात मी पुष्कळ पाहिली. लोक वर्षानुवर्षे मलमे बदलतात; दोष असतो शिरांच्या झडपांत. त्या गळतात, रक्त खाली साचते, कातडी फुटते.

सुश्रुताने व्रणबंधनाचे १४ प्रकार सांगितले. इंग्लंडचे राजवैद्य रिचर्ड वाइजमन यांनी १६७६च्या ग्रंथात या जखमेचा संबंध फुगलेल्या शिरांशी जोडला. नाडीने आवळायचा मोजा ते वापरत. विसाव्या शतकात अमेरिकेतील अभियंते कॉनरॅड जोब्स्ट यांना स्वतःचे दुखरे पाय पोहण्याच्या तलावात हलके वाटले. पाण्याचा दाब खोलीबरोबर वाढतो. म्हणून त्यांचा मोजा घोट्याशी घट्ट, वर सैल होत जाणारा.

धमनीचा प्रवाह डॉक्टरांनी तपासल्यावरच असा दाब द्यावा. पण मलमाच्या आधी पट्टीची चौकशी करावी, एवढे हा इतिहास नक्की सांगतो.