वेताळाचा लेखक

वेंगुर्ल्याजवळ आरवलीला वेतोबाच्या, म्हणजे वेताळाच्या, देवळात कातडी वहाणांचे भलेथोरले जोड दिसतात. देव रात्रभर गावाची राखण करत फिरतो, चालून चालून त्याच्या वहाणा झिजतात. म्हणून नवस फेडणारा नव्या आणून वाहतो. अमेरिकेत सेंट लुईसला १९११ साली जन्मलेल्या चित्रकथाकार ली फॉक यांच्या कानावर ही कथा गेली असण्याचं काही कारण नाही. पण त्यांचा चित्रकथानायक फँटमसुद्धा चालतं-फिरतं भूतच!

त्यांचा जादूगार मँड्रेक १९३४ चा, फँटम १९३६ चा. जगभर भटकलेला लेखक म्हणून फॉक यांनी स्वतःची जाहिरात केली होती. त्यांचा खरा प्रवास पुढे झाला. भारतात टाइम्स समूहाने मार्च १९६४ मध्ये 'इंद्रजाल कॉमिक्स' सुरू केलं आणि मराठी पोरांच्या हाती फँटम आला तो 'वेताळ' होऊन. हे नाव ज्याला सुचलं त्याला दाद द्यायला हवी. विक्रमाच्या खांद्यावरचा, वेशीवरचा, वहाणा झिजवणारा असे सगळे वेताळ त्यात आले. भारतीय वाचकाला खटकू नये म्हणून फँटमच्या देशाचं, 'बेंगाली'चं, 'डेंकाली' झालं, चाच्यांच्या टोळीतले 'सिंग' 'सिंगा' झाले.

फॉक यांची खरी करामत वेगळीच. त्यांच्या वेताळाजवळ दैवी शक्ती नाहीच. बाप गेला की मुलगा तोच बुरखा चढवतो, तीच कवटीची अंगठी घालतो. जंगलाला वाटतं, हा मरतच नाही. एकविसावी पिढी आली तरी गुपित फक्त मोजक्या जवळच्यांना आणि वाचकाला ठाऊक.

दूरचित्रवाणीच्या लेखकांना मात्र एवढ्यावर भागवता येईना. १९८६ च्या 'डिफेंडर्स ऑफ द अर्थ' या ६५ भागांच्या कार्टून मालिकेत वेताळ, मँड्रेक, त्याचा साथीदार लोथार आणि अंतराळवीर फ्लॅश गॉर्डन एकत्र आले. चौघांपैकी तिघे फॉक यांचेच. शीर्षकगीताचे शब्द स्पायडरमॅनवाल्या स्टॅन ली यांचे. जंगलातले लोक वेताळाला दहा वाघांचं बळ आहे म्हणत, ती नुसती म्हण होती; इथे तो हाक मारतो आणि ते बळ खरोखर अंगात संचारतं. पोरांना मजा आली असेल, पण गुपित गेलं ते गेलंच.

फॉक यांचा जीव नाटकांत रमे. शेकडो नाटकांची निर्मिती त्यांनी केली. तरी रोजच्या चित्रपट्टीचा मजकूर सुटला नाही. १९९९ च्या मार्चमध्ये ते गेले. अखेरच्या आजारात ऑक्सिजनचा मुखवटा बाजूला सारून ते वेताळाची पुढची गोष्ट सांगत, असं म्हणतात.