फाळक्यांचे छोटे चित्रपट आणि आपले देऊळ

जीर्णोद्धाराच्या या शुभप्रसंगी समितीने मजकडे चार शब्द मागितले. मी तहसील कचेरीतला बाबू, लेखनाचा सराव टिपणीपुरता. तरी इतिहासातील एक गोष्ट सांगावीशी वाटते.

कै. दादासाहेब फाळके यांचा जन्म ३० एप्रिल १८७० रोजी त्र्यंबकेश्वरी झाला. ‘राजा हरिश्चंद्र’मुळे (१९१३) ते सर्वांस ठाऊक आहेत. परंतु त्याआधी त्यांनी पुरातत्त्व खात्यात छायाचित्रकाराची नोकरी केली होती, हे थोड्यांनाच माहीत असते. १९१२ साली ते लंडनला जाऊन कॅमेरा घेऊन आले. प्रथम त्यांनी टिपला तो कुंडीतला वाटाण्याचा अंकुर. रोज थोडे थोडे चित्रण करून अनेक दिवसांची वाढ त्यांनी पडद्यावर क्षणात दाखविली. ते पाहूनच भांडवल देणाऱ्याचा विश्वास बसला.

पुढे पौराणिक चित्रपटांबरोबर त्यांनी लहान माहितीपटही काढले. गोदावरीची दृश्ये, सिंहस्थ पर्वणी, कार्तिकी पौर्णिमेचा उत्सव, तळेगावचा काचकारखाना हे त्यांचे विषय. म्हणजे आपलाच मुलूख, आपलीच माणसे. त्या काळची फिल्म लवकर पेट घेणारी व काळाने झिजणारी होती. त्यामुळे मूकपटांच्या काळातले बहुतेक चित्रपट नष्ट झाले. खुद्द ‘राजा हरिश्चंद्र’ही आज पूर्ण मिळत नाही. पुण्यास राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय १९६४ साली निघाले. तोवर फार उशीर झाला होता.

हे सांगण्याचे कारण आहे. आपला जुना सभामंडप उतरविला तेव्हा कोणी एक फोटोही घेतला नाही. हिशोबाची वही माझ्याकडेच होती. मी लिहिले, “लाकडी खांब १२.” खांबांवर काय कोरले होते, ते मात्र लिहिले नाही. आता विचारले तर चार जण चार उत्तरे देतात. ही चूक माझीच आहे.

सातबाऱ्यावर जमिनीचे क्षेत्र सापडते. पालखी कोणत्या घरापुढे थांबत असे, ते सापडत नाही. सक्करदऱ्याचा तलाव, भोसल्यांचा वाडा, बुधवारचा बाजार, तान्हा पोळा, मारबतीची मिरवणूक, हे सारे आपण रोजचेच म्हणून सोडून देतो. फाळक्यांना कॅमेऱ्यासाठी लंडन गाठावे लागले. आज तो पोरासोरांच्या खिशात आहे.

तरी तरुण मंडळींस विनंती की, कलशारोहणाचे चित्रण करावेच, पण आधी आपल्या म्हाताऱ्या माणसांजवळ बसून जुन्या देवळाची हकीकत त्यांच्याच तोंडून टिपून घ्यावी, व तिची एक प्रत समितीच्या दप्तरी जमा करावी. देऊळ पुन्हा बांधता आले. ती माणसे पुन्हा मिळणार नाहीत.