निलंबित शिक्षकाची दाद

१९५६ साली विदर्भ मुंबई राज्यात सामील झाला आणि नागपूरच्या सिव्हिल लाइन्समधील उच्च न्यायालयाच्या वास्तूत मुंबईचे न्यायाधीश बसू लागले, त्या काळी खाजगी शाळेतील शिक्षकाची नोकरी हा संस्थाचालकांच्या मर्जीचा मामला होता; दिवाणी कोर्टाने फार तर नुकसानभरपाई द्यावी, गेलेली जागा क्वचितच मिळे. महाराष्ट्रातील खाजगी शाळांच्या कर्मचाऱ्यांसाठीचा १९७७ चा सेवाशर्तींचा कायदा १५ जुलै १९८१ रोजी अमलात आला, तेव्हा कुठे बडतर्फ शिक्षकाला शाळा न्यायाधिकरणाचे द्वार उघडले.

निलंबन मात्र अपिलाच्या कक्षेबाहेरच राहिले, कारण ती शिक्षा नव्हे, चौकशीपूर्वीची तजवीज, असे कायदा मानतो. ज्याच्या घरी पहिले चार महिने अर्धपगारी रजेच्या वेतनाइतका निर्वाहभत्ता आणि महागाईभत्ता एवढ्यावरच चूल पेटते, त्याला हा भेद कसा पटावा? म्हणून निलंबित शिक्षक संविधानाच्या २२६ व्या अनुच्छेदाखाली रिट अर्ज घेऊन मुंबई उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठापुढे उभा राहतो, आणि शिक्षणाधिकाऱ्यांची पूर्वमंजुरी होती काय, चौकशी समितीवर शिक्षकाने निवडलेला सदस्य होता काय, चौकशी पुरी करण्याची १२० दिवसांची मुदत पाळली काय, याच तपशिलांवर त्याची भिस्त असते.