स्वमग्नतेची पुस्तके आणि शेवटाचा प्रश्न

१९३८ साली अमेरिकेच्या मिसिसिपी राज्यातल्या फॉरेस्ट या छोट्या गावातून एका वकिलाने बाल्टिमोरचे बालमनोविकारतज्ज्ञ लिओ कॅनर यांना पत्र पाठवले. टंकलिखित, ३३ पानांचे. मुलगा डोनाल्ड पाच वर्षांचा. तो काय बोलतो, कोणत्या वस्तू गरागरा फिरवत बसतो, कशाने बिथरतो, कोणती प्रश्नोत्तरे तोंडपाठ म्हणून दाखवतो, याचा इत्थंभूत तपशील त्यात होता. कॅनरनी १९४३ मध्ये ११ मुलांवरचा आपला निबंध छापला आणि स्वमग्नता हे निदान वैद्यकात रुजले. त्या निबंधातला पहिला रुग्ण हाच डोनाल्ड, आणि त्याच्याविषयीची बरीचशी माहिती वडिलांच्या पत्रातलीच. पण निबंध संपवताना कॅनरनी एक तिरका शेरा मारला. आईवडिलांनी इतक्या बारकाईने नोंदी ठेवाव्यात आणि वर्षानुवर्षे लक्षात ठेवाव्यात, यातच त्यांचा झपाटलेला स्वभाव दिसतो, असा त्याचा मथितार्थ. ज्या लिखाणावर निदान उभे राहिले, तेच लिखाण लिहिणाऱ्यावर उलटले.

स्वमग्नतेवरची कौटुंबिक पुस्तके वाचताना हा प्रसंग हाताशी असावा. घरच्यांचे लिखाण इथे सुरुवातीपासूनच वैद्यकीय नोंद, फिर्याद आणि बचावाचे निवेदन अशा तीन भूमिका एकदम वठवत आले आहे. तरी या पुस्तकांची खरी कसोटी मला वेगळ्या जागी दिसते. पुस्तक शेवट कुठे करते आणि तो शेवट त्याला कुठून मिळतो, हे पाहावे. आजाराच्या पुस्तकाला शेवट आयता मिळतो. माणूस बरा होतो किंवा जातो. स्वमग्नता हा आजार नाही, ती मेंदूची जन्मापासूनची वेगळी जडणघडण आहे. मूल मोठे होते, शिकते, बदलते, पण ‘त्यातून बाहेर आले’ असे म्हणण्याचा दिवस येत नाही. घर दुसऱ्या दिवशी तसेच चालू असते. पुस्तकाला मात्र कुठेतरी थांबावे लागते.

आर्थर फ्रँक या समाजशास्त्रज्ञाने १९९५ च्या ग्रंथात आजारपणाच्या कथनांचे तीन प्रकार मांडले. एक, बरे होण्याची कथा. दुसरी, विस्कटलेली कथा, जिच्यात एकामागून एक संकटे येतात आणि सांगणाऱ्याला धागाच सापडत नाही. तिसरी, शोधाची कथा, म्हणजे आजारपणाने मला काय दिले याची. फ्रँक स्वतः हृदयविकार आणि कर्करोग या दोन्हींतून गेलेला, त्यामुळे ही वर्गवारी कोरडी नाही. पण ती रुग्णाच्या तोंडून येणाऱ्या कथनासाठी आहे. स्वमग्नतेच्या घरात सांगणारा बहुधा दुसराच कुणी असतो, आणि त्याच्यापाशी जे असते ते या तिन्हींत बसत नाही. त्याच्यापाशी असतो दिनक्रम.

कॅनरच्या शेऱ्यापासून पुढे मजल गेली ती आईला दोषी ठरवण्यापर्यंत. आई थंड, म्हणून मूल आक्रसले, ही कल्पना पन्नाशीच्या आणि साठीच्या दशकांत अमेरिकेत प्रतिष्ठित झाली. १९६७ मध्ये शिकागोच्या ब्रूनो बेटलहाइम यांचे ‘द एम्प्टी फोर्ट्रेस’ आले. बेटलहाइम नाझींच्या डाखाउ आणि बुखेनवाल्ड छावण्यांतून सुटून आलेले. छावणीतल्या कैद्याचे कोमेजणे आणि या मुलांचे मिटणे त्यांनी एका रांगेत बसवले. म्हणजे पहारेकऱ्याची जागा कोणाची, हे वाचकाने ओळखायचे. या उपपत्तीला तोवर आव्हान मिळाले नव्हते असे नाही. अमेरिकी नौदलातले मानसशास्त्रज्ञ बर्नार्ड रिमलँड स्वमग्न मुलाचे वडील होते. स्वमग्नतेचे मूळ शरीरात आहे, असे त्यांनी १९६४ मध्येच पुस्तक लिहून मांडले होते. पण बेटलहाइम यांच्याकडे गोष्ट होती, आणि गोष्ट युक्तिवादाच्या पुढे धावते. कॅनरनी स्वतः १९६९ मध्ये पालकांच्या सभेत त्यांना जाहीरपणे दोषमुक्त केले. ते ऐकायला जे आईबाप सभेत नव्हते, त्यांच्यापर्यंत ते कधी पोचले कुणास ठाऊक.

त्याच १९६७ मध्ये क्लारा क्लेबोर्न पार्क यांचे ‘द सीज’ निघाले. मॅसॅच्युसेट्समधल्या विल्यम्सटाउनची ही इंग्रजीची प्राध्यापिका, नवरा भौतिकशास्त्रज्ञ, चार मुलांतली धाकटी स्वमग्न. बचावाचे पुस्तक म्हणून हात घालावा, तर हाती वेगळेच लागते. मुलीला नळ सोडता येतो, पण ती सोडत नाही. हात ढिला ठेवते, आईचा हात ओढून नळावर नेते. मग आई आपला हात तिच्या हातावर ठेवते, दोघींच्या जोराने नळ फिरतो. दुसऱ्या वेळी आई जोर किंचित कमी करते. पुढे आणखी कमी. असे करत करत एक दिवस नळ मुलीच्याच जोराने फिरतो आणि आईचा हात नुसता वर टेकलेला असतो. एका नळासाठी एवढी पाने. कॅनरनी जिला झपाटलेपणा म्हटले तीच ही नोंदीची सवय, पण इथे ती उघडपणे एक पद्धत होऊन येते. घरातल्या न दिसणाऱ्या कष्टांना या पुस्तकाने माप दिले.

पार्क यांनी शेवटाचा प्रश्न सोडवला तो साधेपणाने. पहिली आठ वर्षे, एवढीच हद्द त्यांनी उपशीर्षकात आखून घेतली. १९८२ च्या आवृत्तीला पंधरा वर्षांनंतरची पुरवणी जोडली. २००१ मध्ये ‘एक्झिटिंग निर्वाणा’ हे दुसरेच पुस्तक लिहिले, तेव्हा मुलगी चाळिशी ओलांडून गेली होती. ती कॉलेजच्या टपाल विभागात नोकरी करत होती आणि झगझगीत रंगांत घरे, पूल, इतकेच काय विजेच्या ब्लँकेटची बटणेसुद्धा रंगवत होती. तिची चित्रे विकली जात होती. तरीही ‘बरी झाली’ हा शब्द त्यांनी वापरला नाही.

नेमका तोच शब्द ज्यांच्या गाभ्याशी आहे अशी पुस्तके जास्त खपतात, आणि ती का खपतात हे समजायला पालक असण्याची गरज नाही. कॅथरीन मॉरिस या टोपणनावाने १९९३ मध्ये आलेल्या ‘लेट मी हिअर युअर व्हॉइस’ मध्ये आईच्या दोन मुलांचे निदान होते आणि दोन्ही मुले त्यातून बाहेर येतात. श्रेय जाते मानसशास्त्रज्ञ इव्हार लोव्हास यांच्या वर्तन-प्रशिक्षणाला. लोव्हास यांच्या १९८७ च्या अभ्यासात तीव्र प्रशिक्षण मिळालेल्या १९ पैकी ९ मुले सर्वसामान्य पातळीवर आल्याचा दावा होता. मुलांचे गट चिठ्ठ्या टाकल्यासारखे निरपेक्षपणे पाडलेले नव्हते आणि पद्धतीत शिक्षेचाही वापर होता, ही टीका नंतर झाली. मॉरिस यांच्या अनुभवावर शंका घेण्याचे मला कारण नाही. पण असे पुस्तक हातोहात फिरते, तेव्हा प्रत्येक घरात एक हिशेब मांडला जातो. त्यांनी आठवड्याला इतके तास दिले, आपण किती देतो? कोणाची नोकरी सुटायला हवी? हा हिशेब मांडायला लावणारे लोक बहुधा सासरचे असतात, आणि ‘कोणाची’ याचे उत्तर ठरलेले असते.

आता ज्या घराने शेवटाचा प्रश्न सर्वांत पिळून काढला, त्याच्याकडे येऊ. जॉश ग्रीनफेल्ड हे न्यूयॉर्कचे ज्यू लेखक. ‘हॅरी अँड टोन्टो’ या चित्रपटाचे सहपटकथाकार. पत्नी फुमिको कोमेतानी जपानची, मूळची चित्रकार. थोरला मुलगा कार्ल १९६४ चा, धाकटा नोआ १९६६ चा. नोआ स्वमग्न, बोलणे लहानपणीच जवळजवळ थांबलेले. या एका मुलावर वडील, आई आणि भाऊ अशा तिघांनी लिहिले, तिघांनी तीन वेगवेगळे साहित्यप्रकार निवडले, आणि प्रत्येकाच्या प्रकाराने त्याला वेगळे सत्य सांगायला लावले.

वडिलांनी रोजनिशी लिहिली. ‘अ चाइल्ड कॉल्ड नोआ’ १९७२ मध्ये, ‘अ प्लेस फॉर नोआ’ १९७८ मध्ये, ‘अ क्लायंट कॉल्ड नोआ’ १९८६ मध्ये. आधी मूल, मग त्याला ठेवायची जागा, मग सरकारी यंत्रणेच्या कागदावरचा क्लायंट. तीन शीर्षके ओळीने ठेवली की वीस वर्षे दिसतात. रोजनिशीला उद्या ठाऊक नसतो. सोमवारी आशा, बुधवारी वैताग, शनिवारी नवऱ्याबायकोचे भांडण, मधेच पैशांची चणचण, मुलाबद्दल मनात येणारे काळे विचारही. आठवण लिहिणारा या सगळ्यावर नंतर इस्त्री फिरवतो, रोजनिशीला ती मुभा नाही. फ्रँकच्या भाषेत ही विस्कटलेली कथा म्हणता येईल, पण फ्रँकच्या मते विस्कटलेपणात अडकलेल्याला लिहिताच येत नाही. ग्रीनफेल्ड रोज रात्री लिहू शकले याचे कारण तारीख. धागा सापडला नाही तरी तारीख सापडतेच. माझ्या मते या घराण्यातला हा सर्वांत प्रामाणिक प्रकार आहे, आणि वाचायला सर्वांत दमवणाराही.

आईने कथात्म लेखन निवडले, तेही इंग्रजीत नाही, जपानीत. जपानमधला मानाचा अकुतागावा साहित्य पुरस्कार १९८५ साठी त्यांच्या कादंबरिकेला मिळाला. इंग्रजीत ती ‘पासओव्हर’ नावाने आली. अपंग मुलाला संस्थेत ठेवून नवऱ्याबरोबर न्यूयॉर्कला आलेली जपानी बाई. तिला वाटते, चार दिवस मोकळे मिळाले. प्रत्यक्षात ती नवऱ्याच्या नातेवाइकांच्या पासओव्हर या ज्यू सणाच्या जेवणात अडकते, आणि गुलामीतून सुटकेचा तो सण तिला जाच वाटू लागतो. मूल या कथेत जवळपास दिसतच नाही. दिसतो तो मुलापायी बाईवर पडलेला सगळ्या घराचा भार. ज्यू नातेवाइकांच्या चित्रणावर अमेरिकेत टीका झाली. त्या टीकेत तथ्य असेल, पण तोच राग वडिलांच्या रोजनिशीत आला असता तर लोकांनी त्याला स्पष्टवक्तेपणा म्हटले असते, असे मला राहून राहून वाटते. सासरच्या पंक्तीत गुदमरलेली सून मराठी वाचकाला तरी समजावून सांगावी लागणार नाही.

भावाचे पुस्तक आले २००९ मध्ये, ‘बॉय अलोन’. कार्ल पत्रकार झालेला. आपल्या वाट्याला आलेले दुर्लक्ष, वडिलांच्या पुस्तकांतले आपले दुय्यम पात्र होणे, मित्रांना घरी न आणता येणे, हे तो आडपडदा न ठेवता सांगतो. मग पुस्तकाच्या उत्तरार्धात नोआ सुधारू लागतो. बोलतो, शिकतो, मोठा होतो, भावाशी नाते जुळवतो. वाचक हळूहळू सैलावतो. आणि मग कार्ल सांगून टाकतो की हे सगळे कल्पित आहे. असे काही झाले नाही. काही समीक्षक या फसवणुकीवर चिडले. मला ती या साऱ्या साहित्यातली सर्वांत नेमकी खेळी वाटते. बरे होण्याच्या कथेची भूक वाचकाच्या पोटात किती खोल आहे, हे त्याला नुसते सांगून पटले नसते. म्हणून त्याला आधी जेवू घातले. शिवाय भावंडाला हा शेवट पालकांपेक्षा अधिक हवा असतो. पालक ‘आमच्यानंतर याचे कसे?’ असे विचारतात तेव्हा उत्तर म्हणून बघतात त्याच्याचकडे. भारतात १९९९ च्या राष्ट्रीय न्यास कायद्याने स्वमग्न प्रौढासाठी कायदेशीर पालक नेमण्याची सोय केली. अर्जावर भावाचे किंवा बहिणीचे नाव घालताना तिला किंवा त्याला विचारले जाते का, हा वेगळा प्रश्न.

या घराच्या शेल्फवर नोआचे पुस्तक नाही. इतर स्वमग्न माणसांची आहेत. टेंपल ग्रँडिन यांचे १९८६ चे आत्मकथन, डोना विल्यम्स यांचे १९९२ चे. आणि १९९३ मध्ये टोरांटोच्या परिषदेत, स्वतः स्वमग्न असलेल्या जिम सिंक्लेअर यांनी पालकांना सुनावले की तुमचा शोक तुम्ही कल्पिलेल्या मुलासाठी आहे, आमच्यासाठी नाही. कौटुंबिक पुस्तकांवरची ही सर्वांत कठोर समीक्षा ठरली. मात्र न बोलणाऱ्यांच्या नावावर आलेली पुस्तके सावधपणे वाचावी लागतात. जपानी मुलगा नाओकी हिगाशिदा याचे २००७ चे पुस्तक २०१३ मध्ये इंग्रजीत आल्यावर जगभर गाजले. पण अक्षरफलकावर बोट ठेवताना शेजारी आई किंवा साहाय्यक असतो तेव्हा शब्द कोणाचे, हा आक्षेप अनेक तज्ज्ञांनी घेतला. ‘मी आत आहे, मला सगळे समजते’ हेच ऐकण्यासाठी आईवडिलांचे कान आसुसलेले असतात. म्हणूनच पुरावा जास्त मागायला हवा.

ज्याच्याविषयी लिहायचे त्याची संमती घेता येत नसेल तर काय, हा पेच आजारपणाच्या पुस्तकांतही आहे. जॉन बेली यांनी पत्नी, कादंबरीकार आयरिस मर्डॉक यांच्या अल्झायमरवरचे पुस्तक १९९८ मध्ये छापले, तेव्हा त्या हयात होत्या आणि पुस्तक म्हणजे काय हेही त्यांना उमगत नव्हते. लेखक जेरी पिंटो यांनी दुसरी वाट धरली. मुंबईच्या माहीममधल्या लहानशा फ्लॅटमधले गोवेकर ख्रिस्ती कुटुंब, आईचा टोकाच्या चढउतारांचा मनोविकार, तिचे आत्महत्येचे प्रयत्न, वडिलांची मूक शिस्त. स्वतःच्या घराशी इतके जवळचे साहित्य त्यांनी २०१२ मध्ये ‘एम अँड द बिग हूम’ ही कादंबरी म्हणून दिले. कादंबरीमुळे आईला विनोद करता आला, मुलाला चिडता आले, आणि शेवटासाठी मृत्यू होता. वाचकांनी तरीही ‘हे खरेच घडले का’ असे विचारलेच, आणि पुष्कळांनी आपापल्या घराची हकीकतही सांगितली. २०१६ मध्ये पिंटो यांनी ‘अ बुक ऑफ लाइट’ हा संग्रह संपादित केला. त्यात मनोविकार किंवा वेगळी मनोरचना असलेल्या जिवलगांविषयी वेगवेगळ्या लोकांनी लिहिले आहे. लेख छोटे आहेत. दहा-पंधरा पानांच्या लेखाकडे कोणी शेवट मागत नाही, त्यामुळे त्यातले बरेच जण नुसते थांबले आहेत.