गोदूताई परुळेकर विडी कामगार घरकुल, कुंभारी

सोलापूर शहराच्या पूर्वेला, अक्कलकोट रोड एमआयडीसीतील चादर-टॉवेलचे यंत्रमाग मागे टाकल्यावर लागणाऱ्या कुंभारी (ता. दक्षिण सोलापूर) येथे विडी कामगार स्त्रियांनी युनियन व सहकारी गृहनिर्माण संस्था यांच्या बळावर उभारलेली सुमारे 10,000 घरांची वसाहत. 1945 च्या वारली उठावाच्या नेत्या गोदावरी परुळेकर यांचे नाव तिला देण्यात आले. पंतप्रधान मनमोहन सिंग यांच्या हस्ते 2006 मध्ये घरांचे हस्तांतरण झाले.

सोलापुरातील विडी वळणाऱ्या स्त्रिया बहुसंख्येने तेलुगूभाषक पद्मशाली समाजातील असून, कारखान्यातून तेंदूपान, तंबाखू व दोरा घरी आणायचा, पाने भिजवून कापायची, विड्या वळून त्यांचे कट्टे बांधायचे आणि तयार माल परत द्यायचा, असा हा व्यवसाय चालतो. मजुरी हजार विड्यांमागे ठरते, मात्र नापसंत ठरवून बाजूला काढलेल्या विड्या, म्हणजे ‘छाट’, तिच्यातून वजा होतात. काम घरीच चालत असल्याने या स्त्रियांच्या दृष्टीने निवारा हीच कामाची जागा ठरते, आणि घराची मागणी मजुरीच्या मागणीइतकीच मूलभूत का ठरली, हे त्यावरून कळते. 1966 च्या विडी व सिगार कामगार कायद्याने घरी काम करणाऱ्यांनाही कामगार मानले व सर्वोच्च न्यायालयाने 1974 मध्ये तो कायदा वैध ठरवला. 1976 च्या कायद्यांनी विड्यांवरील उपकरातून कल्याण निधी उभा राहिला. तथापि, निधीचा लाभ ओळखपत्राशिवाय मिळत नसल्याने वस्तीवस्तीत फिरून नावनोंदणी करणे हेच संघटनेचे खरे काम होते, आणि मोर्चांइतके महत्त्व त्यालाही दिले पाहिजे. केंद्राचे अनुदान, राज्याचा वाटा आणि कामगार स्त्रीने स्वतः भरलेली रक्कम यांतून घरांचा खर्च भागला.

चळवळीचे नेतृत्व नरसय्या आडम (‘आडम मास्तर’), मार्क्सवादी कम्युनिस्ट पक्षाचे माजी आमदार, यांनी केले. श्रेयाबाबत राजकीय पक्षांत मतभेद आहेत.

पुढे मीनाक्षीताई साने यांच्या नावे दुसरी वसाहत झाली.

त्यानंतरच्या रे नगर प्रकल्पात यंत्रमाग कामगार, रिक्षाचालक व कचरावेचकही सामील झाले. 30,000 घरांच्या या प्रकल्पाची पायाभरणी 9 जानेवारी 2019 रोजी, तर पहिल्या 15,000 घरांचे हस्तांतरण 19 जानेवारी 2024 रोजी पंतप्रधान नरेंद्र मोदी यांच्या हस्ते झाले. प्रधानमंत्री आवास योजनेतून प्रत्येक घरामागे केंद्राचे दीड लाख व राज्याचे एक लाख रुपये अनुदान मिळते. उरलेला भार लाभार्थी उचलतो.